संगणकांतला बहुरूपी

माझ्या मेजावरील संगणकाच्या पोटांत गेल्या वर्षापासून दुसरें एक यंत्र येऊन राहिलें आहे. तें भाडें देत नाहीं, जागा अडवीत नाहीं, आणि त्याला पाहावें म्हणून संगणकाचें झांकण उघडलें तर आंत तें सांपडणारहि नाहीं. तरी तें आहे. चाळीस वर्षांपूर्वींच्या जपानी यंत्रासाठीं लिहिलेल्या आज्ञा त्याला समजतात, त्या आज्ञांप्रमाणें तें पडद्यावर रणगाडे दौडवितें आणि विटांच्या भिंती फोडतें. इंग्रजींत या वस्तूला एम्युलेटर म्हणतात. परिभाषा घडविणारे तिला 'अनुकारक' म्हणतील आणि तो शब्द चुकीचा ठरणार नाहीं. परंतु माझ्या मनाला त्यापेक्षां आपला 'बहुरूपी' अधिक पटतो. आमच्या लहानपणीं या बहुरूप्याला रायरंदहि म्हणत. सुगी झाली कीं पोलिसाचा पोशाख चढवून एक गृहस्थ दारांत येई, काठी आपटी आणि "चला, तुमच्या नांवाचं वारंट आहे" असें दरडावून सांगे. क्षणभर पोटांत गोळा उठे, आणि मग सगळें घर हंसूं लागे.

फरक इतकाच कीं, रायरंद माणसांना फसवितो; हा संगणकांतला बहुरूपी माणसांना मुळींच फसवीत नाहीं. तो फसवितो खेळाच्या आज्ञावलीला. ती बिचारी आपण आपल्या जुन्या घरींच आहों अशा समजुतीनें एकेक मागणी करीत जाते, आणि हा तिच्या ओळखीच्या आवाजांत तिला उत्तर देत राहतो. 'अमक्या खणांत कोणता आंकडा आहे?' म्हणून तिनें विचारलें तर तो खण प्रत्यक्षांत कोठेंच नसतो. पण आंकडा मात्र बिनचूक मिळतो.

ही कला तशी नवी नाहीं. एकच सार्वत्रिक गणनयंत्र दुसऱ्या कोणत्याहि गणनयंत्राचें सोंग घेऊं शकेल, हें ॲलन ट्यूरिंग या इंग्रज गणितज्ञानें 1936 सालींच कागदावर सिद्ध करून ठेविलें होतें. 1964 सालीं आयबीएम कंपनीनें 'सिस्टिम/360' नांवाची नवी यंत्रमाला जाहीर केली, तेव्हां जुन्या यंत्रांसाठीं लिहिलेल्या आज्ञावली वायां जातील या धास्तीनें गिऱ्हाइकें बिथरूं नयेत म्हणून नव्या यंत्राला जुन्याप्रमाणें वागावयास शिकविण्यांत आलें. म्हणजे या विद्येचा जन्म व्यापाऱ्याच्या दूरदृष्टींतून झाला. खेळांच्या वांट्याला ती पुढें आली. 1997 सालीं निकोला साल्मोरिया या इटालियन तरुणानें 'मेम' ही आज्ञावली प्रसृत केली, ती नाणें टाकून खेळावयाच्या जुन्या यंत्रांचें सोंग घेणारी. तीं यंत्रें भंगारांत गेल्यावर त्यांचें चालणें-बोलणें कोणाला तरी ठाऊक असावें, हा तिचा हेतु असल्याचें तिचे कर्ते सांगत आले आहेत. हेतु चांगलाच म्हणावा लागेल. आपल्याकडे जात्यावरच्या ओव्या कोणी तरी लिहून घेतल्या, तेव्हां जातीं घरोघर फिरतच होतीं असें नाहीं.

आतां आमच्या घरच्या मूळ यंत्राची ओळख करून दिली पाहिजे. आम्ही नांदेड शहरांत राहत होतों, तेव्हां 1995 च्या सुमारास घरीं एक 'टीव्ही गेम' आला. अस्सल यंत्र निंटेंडो या जपानी कंपनीचें, नांव 'फॅमिली कॉम्प्यूटर', आणि तें 15 जुलै 1983 रोजीं जपानांत विक्रीस आलें. आमच्याकडे आलें तें अर्थात् तें नव्हे. त्याची कोणी तरी बेमालूम उतरविलेली नक्कल. म्हणजे माझ्या संगणकांत आज जो बहुरूपी नांदतो आहे तो एका बहुरूप्याचें सोंग घेतो, असें झालें! अस्सल यंत्राच्या मेंदूचे ठोके सेकंदाला सुमारें अठरा लक्ष पडत, आणि त्याची कामाची स्मृति अवघी 2048 बाइटांची होती. हल्लीं संगणकांत देवनागरीचें एकेक चिन्ह सामान्यतः 3 बाइट खातें. म्हणजे माझ्या लेखाचा हा एक परिच्छेद त्या यंत्राच्या स्मृतींत कोंबावयाचा म्हटलें तरी शेवटचीं वाक्यें दाराबाहेर राहतील. एवढ्याशा जागेंत त्या काळच्या कारागिरांनीं जीं राज्यें वसविलीं त्यांचें कौतुक करावें, कीं आजच्या संगणकांच्या अवाढव्य भुकेची खंत करावी, हें ज्यानें त्यानें ठरवावें.

खेळ ज्या डबींत येत तिला आम्ही कॅसेट म्हणत असूं. गाण्याची नव्हे, पिवळ्या प्लॅस्टिकची, चपटी. तिच्यावर '9999999 खेळ' असल्याची ग्वाही छापलेली असे आणि आंत मोजून पांच-सहा निघत. उरलेले सर्व त्यांचेच पुनर्जन्म. ती न चालली कीं काढावी, तोंडाशीं धरून फुंकर मारावी आणि पुन्हां बसवावी, हा विधि नांदेडपासून न्यूयॉर्कपर्यंतच्या सर्व मुलांनीं एकमेकांस न विचारतां शोधून काढला होता. जाणते लोक आतां सांगतात कीं गुण फुंकरीचा नव्हता, काढून पुन्हां बसविण्याचा होता. फुंकरींतल्या ओलाव्यानें उलट तांब्याचे पत्रे गंजत. घरगुती औषधांपैकीं कित्येकांची गोष्ट अशीच असावी.

या यंत्रावर खेळत असूं आम्ही बहीण-भाऊ, अशी घरांतली अधिकृत समजूत होती. परंतु शाळेंतून परत आल्यावर टीव्हीची पाठ कधीं कधीं कोमट लागे. वडील कचेरींत, म्हणजे संशयित एकच उरे. दुपारची भांडीं आटोपल्यावर आमची आई 'टँक' खेळत असे.

'टँक' म्हणजे नाम्को कंपनीनें 1985 सालीं काढलेला 'बॅटल सिटी' हा खेळ. ज्यांनीं तो पाहिला नसेल त्यांच्यासाठीं सांगतों. तेरा आडवीं, तेरा उभीं घरें असलेलें मैदान. तळाच्या ओळींत मध्यभागीं विटांच्या कोटांत बसलेला एक गरुड. वरून शत्रूचे वीस रणगाडे एकामागून एक उतरतात, आणि आपल्या एकट्या रणगाड्यानें त्यांना थोपवावयाचें असतें. आपले प्राण शिल्लक असले तरी गरुडाला गोळा लागला कीं डाव संपला. अशीं पस्तीस मैदानें. युद्धाची आवड माझ्या आईला असण्याचें कांहींच कारण नव्हतें. पण तो गरुड तिला विष्णूचें वाहन वाटे, आणि त्याला राखणें हें काम तिनें अगदीं मनावर घेतलें होतें.

त्या खेळांत आणखी एक सोय होती, जिच्याकडे आम्हां मुलांचें लक्षहि नव्हतें. स्वतःचें मैदान स्वतः रचतां येत असे. रिकाम्या पडद्यावर रणगाडा एकेक घर सरकवावयाचा आणि एक बटन दाबीत जावयाचें. त्या घरांत विटा, पोलाद, पाणी, झाडी, बर्फ असे प्रकार पाळीपाळीनें उमटतात. विटा तांबड्या, पाणी निळें, झाडी हिरवी, बर्फ पांढुरकें. तेरा घरें म्हणजे विषम संख्या, म्हणून बरोबर मध्यें एक घर सांपडतें. आईनें हें एका दुपारींच हेरलें. आम्ही रणांगणें रचीत होतों. ती रांगोळ्या घालीत होती. एकदां मी लवकर घरीं आलों तर पडद्यावर तांबड्या विटांचें स्वस्तिक, आणि आई चार पावलें मागें सरून, पदराला हात पुशीत, तें सारखें झालें आहे कीं नाहीं तें पाहते आहे. मग तिनें बटन बंद केलें. त्या यंत्राजवळ रचलेलें मैदान सांठवून ठेवण्याची कांहींच सोय नव्हती. वीज गेली कीं सर्व पुसलें जाई. आमच्याकडे वीज केव्हां जाईल याचा भरंवसा त्या काळीं कोणी देत नसे, म्हणून कित्येक रांगोळ्या अर्ध्यावरच गेल्या असतील. त्याबद्दल तिला हळहळतांना मीं कधीं पाहिलें नाहीं.

पुढें तें यंत्र माळ्यावर गेलें, आम्ही मोठे झालों, वडील गेले, आणि मी नोकरीनिमित्त विष्णुपुरीस घर केलें. नांदेडहून लातूरच्या रस्त्याला लागलें कीं गोदावरीच्या कांठीं हें गांव आहे. एके काळीं काळेश्वराच्या देवळासाठीं येथें लोक येत. आतां बंधारा आहे, विद्यापीठ आहे, अभियांत्रिकी महाविद्यालय आहे, वैद्यकीय महाविद्यालय आहे, आणि त्यामुळें गांवांत पोथीपेक्षां पाठ्यपुस्तकें अधिक. पावसाळ्यांत बंधाऱ्याचे दरवाजे उघडले कीं पाण्याचा घोष रात्रीं ऐकूं येतो. आईला येथील अंगण आवडलें. सडा घातल्यावर ओल्या मातीचा जो एक रंग होतो तो रांगोळीला येथें चांगला उठतो, असें तिचें मत होतें.

दोन वर्षांपूर्वीं तिला पक्षाघाताचा झटका आला. वाचा गेली नाहीं, हें भाग्य; उजवा हात मात्र गेला तो अर्धाच परत आला. घांस घेतां येतो, माळ ओढतां येते. परंतु चिमटींतून रांगोळीची रेघ सोडणें हें काम कसें आहे तें ज्याच्या हातून तें सुटतें त्यालाच समजावें. अंगठा आणि दोन बोटें यांच्यामध्यें किती फट ठेवावी याचा हिशेब मेंदू आयुष्यभर गुपचूप करीत असतो, आणि तो हिशेबनीसच रजेवर गेला होता. व्यायाम शिकविणाऱ्या बाईंनीं एक रबरी चेंडू दिला व दिवसांतून इतक्या वेळां दाबा म्हणून सांगितलें. आईनें तो चार दिवस दाबला. पांचव्या दिवशीं म्हणाली, "हे दाबून होतं काय? चेंडू तसाच, मी पण तशीच." तिच्या बोलण्यांत तक्रार नव्हती, हेंच मला बोचलें. अंगण सुनें राहूं लागलें. माझ्या पत्नीनें एकदां ठशानें रांगोळी काढली. आईनें ती छान आहे म्हणून सांगितलें आणि ती पुन्हां दाराशीं आली नाहीं.

माझा भाचा येथील अभियांत्रिकी महाविद्यालयांत शिकतो, वसतिगृहांत राहतो, आणि रविवारीं जेवावयास आमच्याकडे येतो. माळ्यावरची जुनी पेटी त्यालाच सांपडली. यंत्र मेलेलें होतें. शहरांतल्या दुरुस्तीवाल्यानेंहि मान हलविली. तेव्हां भाचा म्हणाला, "मामा, मशीनची गरजच काय? आपल्या कॉम्प्यूटरवर एम्युलेटर टाकू. आज्जी खेळेल." बहुरूपी विनामूल्य मिळाला. 'मेसेन' हें त्याचें नांव. पांच मिनिटांत तो संगणकांत उतरला. अडचण पुढें होती. बहुरूप्याला सोंग आणण्यासाठीं खेळाची आज्ञावली पाहिजे, ती कोठून आणावी? "नेटवर फुकट मिळायलंय की सगळं," असें भाच्याचें म्हणणें.

येथें माझ्यांतला मास्तर आडवा आला. एम्युलेटर ही वस्तु स्वतः निर्दोष मानली जाते. 2000 सालीं सोनी व कनेक्टिक्स या कंपन्यांच्या वादांत अमेरिकेच्या एका अपील न्यायालयानें तसा निर्णय दिला आहे. परंतु खेळाची प्रत हा निराळा प्रश्न. 2024 च्या मार्चमध्यें 'युझू' नांवाच्या एका एम्युलेटराच्या कर्त्यांनीं निंटेंडोला 24 लक्ष डॉलर देण्याचें कबूल करून आपलें दुकान बंद केलें, तें चोरट्या प्रतींच्या प्रश्नावरूनच. आपल्या 1957 च्या कॉपीराइट कायद्याच्या 52 व्या कलमांत एक दिलासा आहे: आज्ञावलीची प्रत ज्याच्या हातीं रीतसर आली आहे त्यानें ती नष्ट होण्याच्या भीतीनें राखीव प्रत करून ठेविली तर तो हक्कभंग होत नाहीं. पण 'रीतसर' हा शब्द मोठा खट्याळ आहे. आमची पिवळी कॅसेट स्वतःच चोरीच्या मालांतली! तिची राखीव प्रत करणें म्हणजे खोट्या नाण्याची पावती जपून ठेवण्यासारखें.

सुदैवानें माझा एक जुना विद्यार्थी जपानांत नोकरीस आहे. जुन्या वस्तूंच्या दुकानांतून त्यानें नाम्कोची अस्सल 'बॅटल सिटी' धाडून दिली, आणि कॅसेटमधील मजकूर संगणकांत उतरवून घेणारें एक लहानसें वाचकयंत्र मीं मागविलें. "एका गेमसाठी एवढं?" म्हणून भाचा हंसला. पेलाभर दुधासाठीं मामानें गाय बांधली, असें तो अजून सांगत फिरतो. त्यानें खुशाल सांगावें. आईला चोरीची वस्तु द्यावयाची नाहीं इतकेंच मला पाहिजे होतें. 1995 सालीं ती ज्या वस्तूशीं खेळली ती चोरीची होती हें तिला तेव्हां ठाऊक नव्हतें, आणि आतां सांगण्याचें प्रयोजन नाहीं.

उतरवून घेतलेला मजकूर भरला किती? आज्ञांचे 16 किलोबाइट आणि चित्रांचे 8. हल्लींच्या फोननें काढलेल्या एका छायाचित्रांत असे शेकडों खेळ मावतील. या मजकुराच्या माथ्यावर 16 बाइटांची एक चिठ्ठी चिकटवावी लागते. कॅसेटच्या पोटांत कोणती रचना होती तें बहुरूप्याला त्यावरून कळतें. मरात फैझुलिन या एम्युलेटरकर्त्यानें 1996 च्या सुमारास ही चाल पाडली आणि ती अजून चालू आहे. जन्मपत्रिकाच ती, ती चुकली तर मूल धडधाकट असूनहि घरांत वेडेंवांकडें वागतें.

बहुरूप्याची खरी परीक्षा गुणांच्या नकलेंत नसून दोषांच्या नकलेंत असते. मूळ यंत्राला पडद्याच्या एका आडव्या ओळींत हलत्या चित्रांचे आठच तुकडे दाखवितां येत. नववा आला कीं तो गायब. म्हणून कारागीर ते आळीपाळीनें दाखवीत आणि चित्रें लुकलुकत. नव्या संगणकाला अशी मर्यादा नाहीं, तरी बहुरूपी ती इमानानें पाळतो. पाहिजे तर ती उठविण्याची सोयहि आहे. भाच्यानें ती उठविली, मीं पुन्हां घातली. लंगड्याचें सोंग आणणाऱ्यानें मध्येंच नीट चालूं नये.

परंतु माझा हा सगळा चोखंदळपणा आईच्या कानापुढें फिका पडला. पहिल्या दिवशीं खेळाच्या आरंभीची ती लहानशी धून वाजली आणि ती म्हणाली, "सूर तोच आहे रे, पण हे पळायलंय." भाच्यानें डोकें खाजविलें. मग उलगडा झाला तो असा: जपानांत पडद्यावरचें चित्र सेकंदाला 60 वेळां बदले, आमच्या दूरदर्शनच्या पद्धतींत 50 वेळां, आणि आमच्याकडील नकली यंत्रें या दुसऱ्या चालीवर चालत. त्यांच्या मेंदूचे ठोके मात्र जवळजवळ अस्सलाइतकेच पडत. म्हणून स्वर जागच्या जागीं राहून लय तेवढी सहाव्या हिश्श्यानें मंदावे. रशियांत 'डेंडी' नांवाची जी नक्कल खपली तीहि याच जातीची, आणि बहुरूप्याच्या यादींत त्या नांवाचें सोंगहि तयार आहे! तें निवडतांच आई म्हणाली, "हां, आता बसलं." तीस वर्षांनंतर एक षष्ठांश लयीचा फरक ओळखणाऱ्या त्या कानाला मीं मनांतल्या मनांत नमस्कार केला. भजनाला टाळ धरून जन्म गेलेला कान तो.

मग हाताची व्यवस्था. मूळ खेळांत दिशा डाव्या अंगठ्यानें द्यावयाच्या आणि गोळा उजव्यानें मारावयाचा. बहुरूप्याला कळफलकावरची कोणतीहि कळ कोणत्याहि बटनाच्या जागीं नेमतां येते; भाच्यानें सगळा कारभार डाव्या हाताखालीं आणला. गतीहि थोडी आणखी उतरविली. चार महिन्यांनीं आईनेंच सांगितलें कीं एक बटन इकडे दे. तेव्हां गोळ्याची कळ उजव्या हाताच्या तर्जनीला दिली. हात सुधारला असें मी म्हणणार नाहीं. तें वैद्यांनीं सांगावें. चेंडू तिनें पुन्हां घेतला नाहीं, आणि तर्जनी मात्र रोज तासभर राबते, एवढें मला दिसतें.

बहुरूप्याजवळ आणखी एक विद्या आहे. खेळ चालू असतां एक कळ दाबली तर सगळ्या जगाचा त्या क्षणींचा ठसा तो घेऊन ठेवतो. पुढें हरलें तर त्या क्षणापासून पुन्हां आरंभ करितां येतो. माणसाच्या आयुष्यांत ही सोय असती तर कोणकोणते क्षण मीं ठेविले असते, असा विचार माझ्या मनांत आला नाहीं असें नाहीं. त्यांतला एक दोन वर्षांपूर्वींच्या त्या पहाटेच्या आधींचा असता. भाचा ही कळ सर्रास वापरतो. आई त्याला रडीचा डाव म्हणते. गरुड फुटला तर फुटला. ती पुन्हां पहिल्यापासून बसते.

खरा वाद झाला तो रांगोळीवरून. खेळ सुरू होऊन पंधरवडाहि झाला नसेल, तोंच ती मैदान रचण्याकडे वळली. डाव्या हातानें एकेक घर सरकत, मध्येंच विसावा घेत, तिनें दीड तासांत झाडी आणि पाणी यांचें एक कमळ पुरें केलें. भाच्याचे डोळे चमकले. "आज्जी, थांब, सेव्ह करतो. रोजची रोज ठेवू. लातूरला आईला पण पाठवता येईल." त्याचा हात कळेकडे गेलेला पाहून तिनें त्याच्या मनगटावर टिचकी मारली.

"रांगोळी कुठं ठेवत असतात का?"

"पण आज्जी, एवढा वेळ लागला तुला..."

"मग उद्या काय करू मी?"

यावर त्याच्याजवळ उत्तर नव्हतें, आणि माझ्याजवळहि नव्हतें. माझी बाजू खरें म्हणजे भाच्याची. तिचा डावा हात आज आहे, उद्यांचा भरंवसा कोणी दिलेला नाहीं. एखादें कमळ ठेवून द्यावें असें मला आजहि वाटतें. ठसा घेणारी ती कळ माझ्या हाताच्या अंतरावर असते आणि आई पडद्याकडे पाहत असते. आजवर मीं ती दाबलेली नाहीं.

गेल्या रविवारीं तिनें भाच्याला नवें गणित घातलें. आषाढी एकादशी जवळ आली आहे. चातुर्मासांत ती रोज तेहतीस गोपद्में काढीत असे. या मैदानांत तीं बसतील का? त्यानें कागद घेतला. एक घर सोडून एक घर, एक ओळ सोडून एक ओळ धरली तर साता-साता एकूणपन्नास जागा निघतात. त्यांतली एक गरुडाची, राहिल्या अठ्ठेचाळीस. "बसतात, आज्जी. पंधरा उरतात." पद्में झाडीचीं करावीं कीं बर्फाचीं, यावर दोघांचा खल जेवण होईपर्यंत चालला होता. झाडीवरून रणगाडे जातात, हें आईला पसंत नव्हतें. पाण्यावरून ते जात नाहींत, पण निळीं गोपद्में कोणी पाहिलीं आहेत?